स्वकष्टार्जित

सुरेखानं सहीसाठी पेन टेकवलं आणि तेवढ्यात वरच्या ओळीतला तो शब्द तिला दिसला. तसा तो तिनं ऐकलाही होता, कारण अनुजा वकिलांनी अख्खं प्रतिज्ञापत्र तिला घडाघडा वाचून दाखवलं होतं; पण वकिलांच्या तोंडून ऐकताना सगळे शब्द एकाच वजनाचे वाटतात. आता तो एकटाच पुढं आला. ‘सदर मुदत ठेवीची रक्कम ही माझी स्वतःची व स्वकष्टार्जित असून तिच्यावर माझे पती किंवा अन्य कोणाचाही हक्क नाही.’ पेनाच्या टोकाचा निळा ठिपका कागदावर उमटला आणि सहीतला ‘सु’ काही त्याच्यापुढं सरकेना. कसबा बावड्याच्या कोर्टाच्या आवारात, वकिलांच्या टेबलांच्या रांगेत, वाऱ्यानं फडफडणारा कागद एका हातानं दाबून धरत सुरेखा श्रीपाल चौगुले, वय वर्षे साठ, धंदा घरकाम, नुसती बसून राहिली. ‘धंदा घरकाम’ हेसुद्धा त्याच कागदावर, तीन ओळी वर छापलेलं होतं. म्हणजे वर ही बाई घरकाम करते, खाली तिनं दहा लाख रुपये स्वतःच्या कष्टानं मिळवलेत, आणि या दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत असं तिनं शपथेवर सांगायचं होतं.

अनुजा गारगोटीच्या एका शाळामास्तरांची मुलगी, सुरेखाच्या लेकीपेक्षा, आदितीपेक्षा, दोन-तीन वर्षांनीच मोठी. कोर्टात तिचा आवाज खणखणीत लागतो म्हणत, पण सुरेखाशी बोलताना ती काकू-काकू करत असे. तिनं पुन्हा सगळं समजावलं. पुण्याच्या एका व्यापाऱ्यानं श्रीपालकाकांवर नऊ लाखांच्या वसुलीचा दावा लावलाय. काका म्हणतात, त्याचा ओतीव माल भोकंभोकं पडलेला निघाला, म्हणून परत पाठवला, आता देणं कसलं? ते खरंच असणार, पण ते कोर्टात ठरायला तीन-चार वर्षं जातील. तोवर हा माणूस मशिनं विकून मोकळा होईल, असा समोरच्यानं अर्ज दिला. काकांनी गेल्या वर्षी एक जुनं ड्रिलिंग मशिन भंगारात काढलं होतं, तेच त्यानं दाखवलं. मग कोर्टानं हुकूम दिला की नऊ लाखांची हमी द्या, नाहीतर मशिनं जप्त. बँकेतली ठेव हमी म्हणून चालते. पैसे कुठं जात नाहीत. बँक त्या पावतीवर कोर्टाचा बोजा नोंदवते, निकालापर्यंत पावती मोडता येत नाही, एवढंच. बँकेचं पत्र काल हातात आलं होतं आणि मुदत आज पाचपर्यंत होती. हे सगळं सुरेखाला पाठ होतं. तिनं त्या शब्दावर बोट ठेवलं आणि हा काढता येईल का, असं विचारलं. अनुजानं मान हलवली. तिनं तो मुद्दाम घातला होता. उद्या समोरचा वकील उठून म्हणणार, नवऱ्याचाच पैसा बायकोच्या नावावर दडवलाय. त्याला तोंडावर देण्यासाठी तो शब्द होता.

“काकू, ठेव तुमचीच आहे ना?” अनुजानं सहज विचारलं.

सुरेखा म्हणाली, “चारपर्यंत येते,” आणि पिशवी उचलून निघाली.

के.एम.टी.च्या बसमध्ये खिडकीची जागा मिळाली. मांडीवरच्या पिशवीत श्रीपालचा डबा होता आणि तो अजून कोमट होता. नवऱ्याचाच पैसा बायकोच्या नावावर दडवलाय. समोरचा वकील अजून बोललासुद्धा नव्हता, पण हे वाक्य सुरेखाच्या मनात गेली सहा वर्षं बसून होतं. ती त्याच्याकडं बघायची टाळत होती इतकंच. सहा वर्षांपूर्वी बस्तीत, म्हणजे त्यांच्या जैन मंदिरात, महाराजांचा चातुर्मास होता आणि श्रीपालनं परिग्रहाचा नियम घेतला होता. म्हणजे उरलेल्या आयुष्यात आपल्याजवळ किती ठेवायचं ते ठरवून टाकायचं आणि त्याच्यापुढचं काही आपलं म्हणायचं नाही. चार शर्ट, तीन पँटी, चपलांचे दोन जोड, एक स्कूटर, बँकेत पंधरा लाख. सुरेखा तेव्हा हसली होती, कारण शर्ट लग्नापासून चारच होते; नियमानं त्यात काडीचा फरक पडणार नव्हता. पण त्याच आठवड्यात तो बँकेचा एक फॉर्म घेऊन घरी आला. ती उडदाचे पापड लाटत बसली होती. हात पिठाचे होते, तो म्हणाला, राहू दे तसेच, इथं सही कर. तिनं केली. मग तो फॉर्म त्यानं फुंकर मारून साफ केला, म्हणाला, “हे तुझं तुला झालं,” आणि जाऊन आंघोळ केली. सात लाख अठ्ठेचाळीस हजार तीनशे साठ. व्याज धरून आता तिचे दहा लाख झाले होते, पण मूळ रक्कम तिच्या लक्षात राहिली ती त्या साठ रुपयांमुळं. एवढ्या मोठ्या रकमेला साठ रुपये कशाला चिकटवायचे, हे तिला कळलं नव्हतं.

कळलं नव्हतं, पण समजल्यासारखं वाटलं होतं. शिरोळला तिच्या मामांनी असाच नियम घेतला आणि दोन महिन्यांत मामींच्या नावावर दोन एकर वाढले, तेव्हा सगळ्या भाच्यांनी मिळून मामांची काय थट्टा केली होती. नियम मामांचा, संसार मामींचा, असं म्हणून सुरेखाच सगळ्यांत मोठ्यानं हसली होती. आपल्या घरात तेच झालं असं वाटलं तेव्हा मात्र तिला हसू आलं नाही. पंधरा लाखांच्या वर काही उरलं असेल, ते सरकवलं असेल आपल्याकडं. तिनं विचारलं नाही. विचारलं असतं आणि तो हो म्हणाला असता, तर त्याचा नियम तिच्या डोळ्यांदेखत मोडला असता. न विचारता तो आपला अर्धामुर्धा का होईना उभा होता. सकाळी स्नान करून जप करणारा, पानातलं शीत न टाकणारा, दिवस मावळायच्या आत जेवून घेणारा, स्कूटरवरनं जाताना सुद्धा मुंगळ्यांची रांग दिसली तर पाय खाली टेकवून थांबणारा तिचा नवरा. त्याची एवढी एक चोरी सांभाळायला तिला जड नव्हतं. माणसावर जीव असला की त्याची एखादी लबाडी आपण आपल्याच पदराखाली ठेवतो, आणि सुरेखाचा तर होता. सदतीस वर्षांनंतर हे कुणाला सांगायची लाज वाटावी इतका होता.

पण ती गोष्ट पदराखाली ठेवणं वेगळं आणि शपथेवर लिहून देणं वेगळं. शिरोळला लहानपणी एकदा तिनं अंधार पडल्यावर गुळाचा खडा खाल्ला होता आणि आईनं, अव्वानं, विचारल्यावर नाही म्हणाली होती. अव्वानं मारलं नाही. दीड दिवस ती सुरेखाशी बोललीच नाही, बस. त्या दीड दिवसाची चव, म्हणजे तोंडात गूळ होता आणि तरी तोंड कडू होतं, ती आत्ता बसमध्ये पुन्हा जिभेवर आली. दोन आठवड्यांपूर्वी अनुजाच्या टेबलापाशी हमीचा विषय निघाला तेव्हाही असंच झालं होतं. घरात कुणाच्या नावावर ठेवी आहेत, असं अनुजानं विचारलं. श्रीपालचे स्वतःचे पंधरा लाख कधीच संपले होते. लॉकडाउनमध्ये वर्कशॉप बंद असताना दोन कामगारांचे पगार चालू ठेवले त्यात काही गेले, आदितीच्या लग्नात उरलेले. म्हणून सुरेखाच म्हणाली की माझ्या नावावर एक पावती आहे. तर श्रीपाल म्हणाला, “ती तिची हाय. तिच्याविषयी मी बोलणार न्हाय,” आणि उठून पाण्याच्या पिंपाकडं गेला. घरी आल्यावरही तेच. तू देतेस तर दे, न्हाय तर नको. मला विचारू नकोस. त्यानंतर बँकेच्या सगळ्या खेपा तिनं एकटीनं घातल्या. आजही तो कोर्टात आला नव्हता, शिरोलीला गेला होता. व्यापाऱ्याचा माल परत घेऊन गेलेला टेम्पोवाला तिथं कुठंतरी राहतो म्हणे, त्याला शोधायला. माल परत करताना या भल्या माणसानं त्या व्यापाऱ्याकडनं साधी पोचसुद्धा घेतली नव्हती. त्याचा शब्द होता की, म्हणाला.

सही केली तर ती खोटं बोलणार होती, तेही शपथेवर. नाही केली तर उद्या बेलीफ येणार आणि लेथला जप्तीचा कागद चिकटवणार. एक लेथ, एक ग्राइंडर आणि त्यांच्यावर तीन घरं: त्यांचं आणि दोन कामगारांची, केरबाचं आणि आकारामचं. केरबा तर पस्तीस वर्षं त्या लेथवर उभा होता. आणि श्रीपालचं काय झालं असतं, ते तिला मनात आणायचंच नव्हतं. लेथ बंद असलेला श्रीपाल तिनं फक्त दिवाळीच्या तीन दिवसांत बघितला होता. तेव्हा तो घरभर एका खोलीतून दुसऱ्या खोलीत हिंडे आणि चौथ्या दिवशी पहाटे आंघोळ करून जाई.

वर्कशॉप होतं त्या उद्यमनगरात उतरल्यावर तो वास आला. तापलेलं लोखंड, लेथवर सोडायचं साबणाचं पाणी, कुठल्यातरी भट्टीतली जळकी वाळू, आणि या सगळ्यावर कुणाच्या तरी चहाची आल्याची वाफ. या वासाला तिचं नाक कधी निर्ढावलं नाही. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी ती अशीच डबा घेऊन आली होती. त्या आठवड्यात कारागीर सोडून गेला होता, पंपाच्या भागांचा ढीग दारात पडला होता आणि माल न्यायला आलेला ट्रक थांबला होता. ओतून आलेल्या प्रत्येक तुकड्याच्या कडेला पातळ धार राहते, ती कानशीनं घासून काढावी लागते. नाहीतर पंप बसवणाऱ्याचा हात कापतो. श्रीपाल लेथवर होता, केरबा ड्रिलवर. तिनं डबा ठेवला, पदर खोचला आणि एक कानस उचलली. तेव्हा ती चोवीस वर्षांची होती. पहिल्या दिवशी दात शिवशिवले ते थेट मानेपर्यंत. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेली, कारण ढीग संपला नव्हता. आणि तो ढीग मग नऊ वर्षं संपला नाही. घरची कामं उरकून दहाला यायचं, पाचला जायचं. हाताला लोखंडाचा वास इतका बसला की कणीक मळताना तो पोळीत उतरेल अशी तिला भीती वाटे. निऱ्यांत लोखंडाचा कीस अडके. जुन्या लाउडस्पीकरचं एक लोहचुंबक श्रीपालनं तिला आणून दिलं होतं. घरी गेल्यावर ती ते साडीवरून फिरवी आणि त्याला काळी दाढी फुटे, त्या दाढीला आदिती लहानपणी घाबरायची. नंतर ग्राइंडर आला. कानशी भिंतीला टांगल्या गेल्या आणि ती पुन्हा डबा घेऊन येणारी वैनी झाली. पुढं कधी कुणी विचारलं, जनगणनेची बाई आली, आदितीच्या शाळेत फॉर्म भरायचा झाला, की ती सांगे, काही नाही, घरीच असते. हे सांगताना तिला ती नऊ वर्षं आठवतसुद्धा नसत. घराचं काम ते काम, त्याला कुणी कष्ट म्हणतं का?

श्रीपाल अजून आला नव्हता. केरबा दारातल्या स्टुलावर भाकरी खाऊन हात धूत होता. गारगोटीकडचा माणूस, वय सत्तरीला आलेलं, कान लेथच्या आवाजानं अर्धे गेलेले, म्हणून बोलणं सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं. झाली का सही, असं त्यानं विचारलं. सुरेखानं नाही म्हणून सांगितलं. मग तिला राहवलं नाही. नवऱ्याला सहा वर्षं जे विचारलं नाही ते तिनं त्या बहिऱ्या माणसाला विचारलं, तेही दोनदा, कारण पहिल्यांदा त्याला ऐकूच गेलं नाही. ती पावती तुमच्या मालकांनी माझ्या नावावर का केली, तुम्हाला काही माहीत आहे का?

केरबा हात पुसायचा थांबला. “तुमास्नी म्हाईतच न्हाय व्हय?”

त्यानं माळ्यावरची पत्र्याची पेटी काढली. पेटीत हजेरीची पुस्तकं होती, जाड पुठ्ठ्याची, कडा उंदरांनी कुरतडलेली. एकोणीसशे एकोणनव्वदचं त्यानं तिच्यापुढं उघडलं. हजेरी केरबाच मांडायचा, अक्षर त्याचंच, मोठं आणि तिरकं. पहिलं नाव केरबा, दुसरं नाव त्या सोडून गेलेल्या कारागिराचं, त्याच्यावर काट मारलेली. आणि तिसरं, सौ. सुरेखा. पुढं महिनाभराच्या चौकोनांत ह, ह, ह, ह. पान उलटलं तरी तेच. सुरेखाला आधी वाटलं, ही दुसरी कुणी सुरेखा असेल. तिनं बोटानं एक-एक चौकोन चाचपला, जणू त्याच्यावर कीस लागलेला असेल. तिनं कानस उचलली त्याच दिवशी संध्याकाळी मालकांनी हजेरीत तिचं नाव घालायला सांगितलं होतं, केरबा म्हणाला. केरबाला हसू आलं होतं, मालकीणबाईंची हजेरी कशाला? तर मालक लेथवरनं मान वर न करता म्हणाले होते, काम करतंय त्याची हजेरी लागती. पगार मात्र तेव्हा कुणालाच धड मिळत नव्हता, तर तिला कुठला मिळणार? पुढं चार पैसे आले तेव्हा ते घरातच आले, आणि घरात आलं म्हणजे पोचलं असं सगळ्यांनीच धरलं. मग सहा वर्षांपूर्वी चातुर्मासात मालक एक दिवस बस्तीतनं आले ते तडक माळ्यावर चढले.

“म्हाराजांनी इचारलं म्हणं,” केरबा सांगू लागला, “आपलं किती ते मोजायच्या आदी सांगा, दुसऱ्याचं काय तुमच्याकडं ऱ्हायलंय का? मालक म्हणलं, ऱ्हायलंय. एका कामगाराचा नऊ वर्सांचा पगार ऱ्हायलाय.”

चार रविवार ते दोघं हजेरी काढत बसले होते. बाईमाणसाचा रोज तेव्हा अठरा रुपये होता आणि गड्याचा तीस. मालकांनी तीस लावला, पुढं वाढत गेला तसा वाढवत नेला. रविवारी आली असेल त्याचा दुप्पट. दिवाळीचा बोनस. त्याच्यावर वर्षावर्षाचं बँकेचं व्याज. शेवटी साठ रुपये उरले, ते केरबा म्हणाला सोडून द्या, तर मालक त्याच्यावर डाफरले होते. सुरेखा ऐकत होती. आता रडू येणार असं तिला वाटलं, पण आला तो राग. सहा वर्षं! सहा वर्षं तिनं या माणसाची चोरी सांभाळली, त्याच्यासाठी मनातल्या मनात अव्वासमोर मान खाली घातली, आणि चोरी नव्हतीच. त्याला दोन वाक्यं बोलायला काय झालं होतं? राग अजून ताजा होता तेवढ्यात पानं उलटता-उलटता त्र्याण्णव साल आलं आणि तिचं बोट थांबलं. जानेवारी अर्धा, फेब्रुवारी, मार्च, एप्रिल, मे अर्धा. गै, गै, गै. चार महिने नुसतं गैरहजर. आदितीचा जन्म फेब्रुवारीतला.

“बाळंतपणाला गेलते मी,” ती म्हणाली.

“व्हय की,” केरबा म्हणाला. “आला न्हाईसा, मग गैरहजरच की.”

मग तो जरा गंभीर झाला. हमीचा हुकूम आला तेव्हा त्यानं मालकांना सांगून बघितलं होतं की वैनींना विचारा, त्या नाही म्हणायच्या नाहीत. मालक ऐकेनात. “मला म्हणलं, केरबा, दिल्याला पगार मालक परत मागतोय व्हय?”

स्कूटरचा आवाज आला. श्रीपाल आत आला तो घामानं डबडबलेला. टेम्पोवाला सापडला होता. माल पुण्याला टाकून आलेलं त्याला पक्कं आठवत होतं आणि तो साक्षीला येणार होता. हे सांगता-सांगता त्याला उघडं पुस्तक दिसलं आणि तो बोलायचा थांबला. केरबा शहाणा माणूस. तो चहा सांगायला म्हणून बाहेर पडला. चौसष्ट वर्षांचा, चार शर्टांतला सगळ्यांत जुना शर्ट घातलेला हा माणूस तिच्यासमोर पोरानं काच फोडावी तसा उभा होता.

“मला सांगितलं का न्हाय?” तिनं विचारलं.

“सही केलीस की तू,” तो म्हणाला. “मला वाटलं, कळलं तुला.”

“पापड लाटत हुते मी.”

“त्याची झेरॉक्स हाय माझ्याकडं,” तो अगदी खालच्या आवाजात म्हणाला. “पगाराची पोच म्हणून ठेवलीया.”

त्यावर मात्र सुरेखाला हसू फुटलं, आणि हसता-हसता डोळेही भरले. पुण्याच्या व्यापाऱ्याकडनं नऊ लाखांच्या मालाची पोच घ्यायची राहिली होती, आणि बायकोच्या पिठाच्या बोटांची पोच तेवढी जपून ठेवली होती. तो का हसतेस म्हणून विचारत राहिला. तिनं सांगितलं नाही. डबा उघडून त्याच्यापुढं ठेवला आणि म्हणाली, लवकर जेवा, चारला कोर्टात जायचंय. तू जा, मी कशाला, असं तो म्हणू लागला तेव्हा ती म्हणाली की कामगार मालकाला जामीन राहतोय, मालकानं निदान बरोबर तरी यावं. तो जेवत असताना ती हजेरी चाळत राहिली. कुठल्या दिवशी आदितीला ताप होता, कुठल्या दिवशी अव्वा गेली, कुठल्या रविवारी दोघं भांडून कामाला आले होते, ते सगळं त्या तिरक्या ह आणि गै मध्ये होतं. त्र्याण्णवच्या ऑगस्टमध्ये एका दिवसापुढं ‘अर्धा’ लिहिलं होतं. तो दिवस तिला लगेच आठवला. दुपारी दोनला लेथवर श्रीपालचा अंगठा फाटला होता, आणि ती सहा महिन्यांची आदिती केरबाच्या हातात टाकून, रिक्षात त्याचा अंगठा आपल्या पदरात घट्ट आवळून धरून दवाखान्यात गेली होती. पदराला रक्त आणि लोखंडाचा कीस एकत्र लागले होते. सहा टाके. तो शुद्धीवर होता आणि सगळ्या वाटेत ट्रकबद्दल बोलत होता.

पावणेचारला ते अनुजाच्या टेबलापाशी पोचले. सुरेखानं सही करण्याआधी एक दुरुस्ती सांगितली. ‘धंदा घरकाम’ याच्यापुढं ‘पूर्वी वर्कशॉप कामगार’ असं घाला. अनुजानं भुवया उंचावल्या, पण पेनानं घातलं आणि बाजूला सुरेखाची छोटी सही घेतली. खाली पूर्ण सही करताना पेन सकाळच्या त्या निळ्या ठिपक्यावरच टेकलं आणि तिथून नीट पुढं गेलं. आत शपथ देणाऱ्या अधिकाऱ्यानं मान वर न करता नेहमीचा प्रश्न विचारला, मजकूर वाचला का, समजला का, खरा आहे का? तो दिवसातून शंभरदा हे विचारत असणार. सुरेखा म्हणाली, “खरा आहे.” तिचा आवाज जरा मोठाच लागला, तेव्हा त्यानं मान वर केली, तिच्याकडं बघितलं आणि शिक्का मारला. आता ती रक्कम निकालापर्यंत कोर्टाकडं अडकून राहणार होती, तीन वर्षं, कदाचित पाच. दावा हरला तर जाणारही होती. तरी सुरेखाला हलकं वाटत होतं. अडकवून ठेवण्याजोगं काहीतरी आपलं होतं, हे तिला साठाव्या वर्षी कळत होतं.

व्हरांड्यात श्रीपाल तिची वाट बघत उभा होता. अनुजा कागद दाखल करून आली आणि सगळं झाल्याचं सांगितलं, मशिनं आता कुणी हलवणार नाही. श्रीपालनं मान डोलावली. मग घसा खाकरून त्यानं वकिलांना अगदी गंभीरपणे विचारलं की त्र्याण्णव साली बाळंतपणाची भरपगारी रजा किती आठवड्यांची होती?

“बारा,” अनुजा म्हणाली. “पण तुमच्या तीन माणसांच्या शॉपला तो कायदा लागू नव्हता, काका.”

“नसू दे. धरायला पायजे हुती.” तो सुरेखाकडं वळला. “चूक झाली. ते बारा आठवडे काढून देतो. व्याजासकट.”

“आणि अंगठ्याचा अर्धा दिवस?” ती म्हणाली. “दवाखान्यात तुमच्यासाठीच गेलते की मी. तोबी कापलाय.”

श्रीपालनं उजव्या हाताचा अंगठा वर धरला आणि त्याच्याकडं बघितलं. नखाच्या बाजूनं टाक्यांची पांढरी रेघ अजून होती. अनुजानं हळूच आपली फाईल उचलली आणि ती टेबलाकडं गेली.

“तो न्हाय देणार,” तो म्हणाला. “तेवढं तुझं देणं राहू दे माझ्याकडं. नियमात बसतंय ते.”